तिलारीच्या हत्तींच्या मागावर दोन दिवस

मे महिन्याच्या पहिल्या आठवड्यात सिंधुदुर्गातल्या दोडामार्गात दोन दिवस राहून आलो, तिलारी धरणाच्या बाजूला. कोकणात हत्ती कुठून आले असं अजूनही बरेच जण विचारतात. २००२ साली कर्नाटकातून ते इकडे उतरले आणि मग येतच राहिले, कारण इथे पाणी आहे, जंगल आहे आणि जंगलाला लागूनच केळी, पोफळी, माड, फणस सगळं एका जागी.

ज्यांच्याकडे उतरलो होतो ते दादा सकाळी सहाला हाक मारायला आले, म्हणाले "चला, गणपती येवन गेलो." गणपती म्हणजे हत्ती. बागेत गेलो तर सात-आठ पोफळी आडव्या. खोड उभं फाडून आतला मऊ गाभा तेवढा खाल्लेला, बाकी तसंच टाकलेलं. बाजूला लीद, अजून गरम, त्यात फणसाच्या आठळ्या अख्ख्याच्या अख्ख्या. हत्ती खातो त्यातलं निम्मंही नीट पचत नाही, म्हणून तर दिवसाला दीडशे किलोच्या आसपास चारा लागतो आणि सोळा-सोळा तास खाण्यातच जातात, आणि त्या आठळ्या कुठेतरी लांब जाऊन रुजतात. दादांनी ओल्या मातीतल्या पुढच्या पायाच्या ठशाभोवती सुंभ फिरवलं, त्याची दुप्पट म्हणजे हत्तीची खांद्यापर्यंतची उंची. साधारण आठ फूट आली. पोफळ धरायला किती वर्षं लागतात ते माहीत असलेला माणूस हे शांतपणे मोजत होता, मला तिथे काय बोलावं सुचेना.

हत्ती दिसले ते संध्याकाळी, धरणाच्या पलीकडच्या काठावर, दुर्बिणीतून. एक मादी आणि पिल्लू. पिल्लाला सोंड वापरता येत नव्हती बहुतेक, वाकून सरळ तोंडानेच पाणी पीत होतं, आणि आई कान हलवत मधे उभी. हत्तीला घाम येत नाही, कानातलं रक्त थंड करायला ते कान हलवत राहतात. अर्धा तास बघितलं, पुढे गेलो नाही.

जाणार असाल तर हे नक्की पाळा. गावातला माणूस बरोबर असल्याशिवाय बागेत किंवा रानात शिरू नका. हत्तीची नजर बेताची पण वास फार लांबून येतो, त्यामुळे वारा तुमच्याकडून त्याच्याकडे जात असेल तर तिथून निघा. पिल्लू असेल किंवा एकटा टस्कर (सुळेवाला नर) असेल आणि कानशिलातून पाणी गळत असेल (म्हणजे मस्तीत आलेला) तर आणखी लांब. या भागात हत्तीच्या हल्ल्यात माणसांचे जीव गेले आहेत, तेव्हा सेल्फीबिल्फी अजिबात नको. रस्त्यात आडवा आला तर हॉर्न नाही, फ्लॅश नाही, गाडी हळू मागे घ्या. अंधार पडल्यावर आतल्या रस्त्यांवर बाईक तर नकोच, दादा दहादा सांगत होते "रातीचे भायर पडू नकात". आणि हत्ती कुठे दिसला ते व्हॉट्सॲपवर टाकू नका, तासाभरात गर्दी होते, हत्ती बिथरतो आणि बिथरलेला हत्ती रात्री कोणाच्या तरी बागेतच घुसतो.

रेल्वेने येणाऱ्यांनी सावंतवाडीला उतरावं, पुढे बांद्यावरून दोडामार्ग. पेट्रोल आणि कॅश आधीच घ्या, आत रेंज पण जाते-येते. चंदगडकडे जायचं असेल तर तिलारी घाट दिवसाच उरका, चढ आणि वळणं फार अवघड आहेत आणि हत्तीही तिकडून ये-जा करतात.