मिनेसोटातला पुठ्ठ्याचा साचा आणि सांगलीची काळी जमीन

मे महिना उजाडला की इथे अमेरिकेतल्या मिनेसोटा राज्यात हार्डवेअरच्या दुकानांत तपकिरी पुठ्ठ्याच्या जाड नळ्या रांगेने उभ्या दिसतात. ८, १०, १२ इंच व्यासाच्या, बहुतेक ४ फूट उंच. बांधकामाच्या मालाच्या वखारीत गेलं तर १२ फुटी. घरामागच्या डेकचे, म्हणजे उघड्या लाकडी ओट्याचे, खांब ज्यावर उभे राहतात तो काँक्रीटचा पाया याच नळ्यांत ओततात. फोटो पाहून सांगली-मिरजेकडून हमखास विचारणा होते: ओल्या काँक्रीटचं वजन पुठ्ठा सोसतो कसा? आणि आपल्याकडे गोल कॉलमला हे चालेल का? दोन्हींचं उत्तर नीट द्यायचं तर नळीपेक्षा तिच्या खालच्या जमिनीबद्दल जास्त बोलावं लागतं.

आधी नाव. इथे सगळे याला सोनोट्यूब म्हणतात. हे मूळ साऊथ कॅरोलिनातल्या हार्ट्सव्हिलच्या सोनोको कंपनीच्या मालाचं नाव. १८९९ मध्ये ही कंपनी सदर्न नॉव्हेल्टी या नावाने सुरू झाली तेव्हा ती सूत गुंडाळायचे कागदी कोन बनवायची. विट्याच्या किंवा इचलकरंजीच्या यंत्रमागवाल्यांना ती वस्तू वेगळी सांगायला नको. १९२३ मध्ये तिचं नाव सोनोको झालं. कागदाच्या पट्ट्या सरस लावून तिरक्या गुंडाळत न्यायच्या, हे काम पुढे काँक्रीटच्या साच्यापर्यंत पोचलं. आता दुसऱ्या कंपनीची नळी घेतली तरी गिऱ्हाईक सोनोट्यूबच मागतं. आपल्याकडे कुठल्याही फोटोकॉपीला झेरॉक्स म्हणतात, तसंच.

कामावर मात्र हा शब्द सांभाळून ऐकावा लागतो. डेकवाला ‘सहा सोनोट्यूब’ म्हणतो तेव्हा त्याला बहुधा सहा ओतलेले खांब म्हणायचे असतात, वखारवाल्याला तेच सहा रिकामे पाइप वाटतात. पुलाच्या स्लॅबवाला अशीच नळी काँक्रीटच्या पोटात पुरतो, कारण त्याला वजन वाचवायला आत पोकळी हवी असते. तिथे नळी रिकामी राहते आणि काँक्रीट बाहेर. ती खाली घट्ट बांधली नाही तर ओल्या काँक्रीटवर तरंगून वर येते, वरच्या सळ्यांना ढकलते आणि स्लॅबची वरची जाडी कमी करून टाकते. सॅन फ्रान्सिस्कोच्या जॉन डॉब्सन यांनी हाच पाइप दुर्बिणीची नळी म्हणून वापरला आणि हौशी खगोलप्रेमींना मोठ्या आरशाची दुर्बीण स्वस्तात घरी बांधता येऊ लागली. स्पीकरवाले त्याचा गोल डबा करतात. जपानी वास्तुकार शिगेरू बान यांनी तर कागदी नळ्यांनाच घराच्या भिंती केलं. २००१ च्या भूकंपानंतर भुजमध्ये त्यांनी तसं घर उभारलं. तिथे भार खुद्द कागद घेतो. आपल्या विषयातला कागद मात्र काँक्रीट घट्ट होईपर्यंतचाच सोबती आहे.

ओलं काँक्रीट घनमीटरला सुमारे २४०० किलो भरतं. ३ मीटर उंच कॉलम एका दमात ओतला तर साच्याच्या तळाशी दर चौरस मीटरला सुमारे ७ टन दाब येतो. चौकोनी पेटीत हा दाब फळीला मध्येच बाहेर फुगवतो, म्हणून तिथे शिकंजे, बोल्ट आणि टेकू लागतात. गोल नळीत दाब सगळ्या बाजूंनी सारखा असल्यामुळे पुठ्ठा वाकत नाही, नुसता ताणला जातो. बैलगाडीच्या चाकावर चढवलेली लोखंडी धाव अशीच ताणात असते. ३०० मिलिमीटर व्यासाच्या नळीला तळाशी दर मीटर उंचीमागे साधारण एक टन ताण बसतो आणि अनेक थरांचा कोरडा कागद तो घेतो. ‘कोरडा’ हा शब्द महत्त्वाचा. बाहेरून मेण लावलेलं असलं तरी नळीची कापलेली कड उघडी असते आणि पाणी तिथूनच वर चढतं.

आता जमीन. मिनेसोटाच्या बांधकाम नियमानुसार पाया राज्याच्या दक्षिण भागात किमान ४२ इंच आणि उत्तरेत ६० इंच खोल न्यावा लागतो, कारण हिवाळ्यात जमीन तितकी गोठते. पाणी गोठताना सुमारे ९ टक्के फुगतं, पण घरं उचलणारं कारण तेवढंच नाही. गोठलेल्या थराकडे खालचं पाणी मातीच्या बारीक छिद्रांतून ओढलं जातं आणि तिथे बर्फाचे पापुद्रे जाड होत जातात. गाळवट मातीत हे सगळ्यात जास्त. पाया त्या थरात असेल तर तो उचलला जातो. वसंतात बर्फ वितळतो, तळाखालच्या पोकळीत माती सरकलेली असते आणि खांब जागेवर परत बसत नाही. दर वर्षी थोडं थोडं करत डेक वाकडा होतो.

इथेच नळीचा खरा उपयोग कळतो. खड्ड्यात नुसतंच काँक्रीट ओतलं तर खांबाची बाजू खडबडीत होते, वरच्या तोंडाशी काँक्रीट छत्रीसारखं पसरतं आणि गोठलेली माती त्या छत्रीला खालून धरून उचलते. नळीने बाजू सरळ आणि गुळगुळीत राहते. पण खालचा पाया रुंद करायचं काम नळी करत नाही, आणि बहुतेक चुका याच ठिकाणी होतात.

एक हिशेब करून पाहू. घराला एका बाजूने जोडलेला १२ बाय १६ फुटांचा डेक. बाहेरच्या कडेला १६ फूट लांब तुळई, तिच्याखाली तीन खांब. डेकचा अर्धा भार घराच्या भिंतीवर, उरलेले ९६ चौरस फूट तुळईवर. दर चौरस फुटाला ५० पौंड धरले तर ४८०० पौंड. मधल्या खांबावर त्यातले निम्मे, म्हणजे २४०० पौंड. साध्या चिकण मातीला दर चौरस फुटाला १५०० पौंड धरतात, तेव्हा तळाचं क्षेत्रफळ १.६ चौरस फूट हवं. १२ इंची नळीचं तळ भरतं ०.७८५ चौरस फूट. ती जेमतेम ११८० पौंड पेलते. म्हणजे मधल्या खांबाखाली १८ इंच व्यासाचा पाया लागतो, आणि कडेच्या खांबांनाही १२ इंच काठावरच पडतात. खांबाचं स्वतःचं वजन यात धरलेलंच नाही. म्हणून आधी तळाशी रुंद फुटिंग, म्हणजे पसरट पाया, ओततात किंवा नळीच्या खाली फनेलसारखा प्लॅस्टिकचा साचा जोडून दोन्ही एकत्र ओततात. दुसरी पद्धत आम्हाला जास्त पटते. तळ आणि खांब यांच्यात जोड राहत नाही आणि रुंद टाच वरच्या ओढीला जमिनीत अडकून राहते.

खोदण्याआधी ८११ या क्रमांकावर कळवून गॅस-विजेच्या वाहिन्या आखून घेतात. खड्डा झाल्यावर पालिकेचा निरीक्षक खोली आणि तळ बघतो. त्याच्याआधी काँक्रीट ओतलं तर खणून दाखवायची वेळ येते. तळाशी सुटी माती ठेवायची नाही, ती नंतर दबते. नळी हव्या त्या उंचीला कापायची तर रुंद कागद तिच्याभोवती कडेला कड जुळवून गुंडाळायचा आणि त्या रेषेवर हातकरवत चालवायची. अंदाजाने कापलं तर तोंड तिरकं होतं. नळीचं माप आतल्या व्यासाचं असतं, म्हणजे १२ इंची नळीतून १२ इंची खांबच निघतो. वरचं तोंड जमिनीपासून काही इंच वर ठेवतात, लाकडाला ओल लागू नये म्हणून. मग ओळंबा बघून बाजूने माती थोडी थोडी, सगळीकडून सारखी भरत दाबायची. एकाच बाजूने भरली तर नळी हलते, आणि रिकामी असेल तर चेपून अंडाकृती होते.

४ फूट उंचीला लागणाऱ्या तयार मिश्रणाच्या ८० पौंडी, म्हणजे साधारण ३६ किलोच्या पिशव्या अशा: ८ इंची नळीला ३, १० इंचीला ४, १२ इंचीला ६. एका पिशवीतून ०.६ घनफूट काँक्रीट होतं आणि तिला सुरुवातीला ३ लिटरच्या आसपास पाणी पुरतं. ओतायला सोपं जावं म्हणून पाणी वाढवण्याचा मोह सगळीकडे सारखाच, आणि ताकद त्यातच जाते. दर फूट-दीड फुटाला सळईने खोचून हवा काढायची. वरचं तोंड सपाट केलं की काँक्रीट ओलं असतानाच लाकडी खांब धरणारा अँकर बोल्ट दोरीला धरून बसवायचा. बोल्ट अर्धा इंच जरी सरकला तरी वरचा लाकडी खांब तुळईच्या रेषेत येत नाही.

आता आपल्याकडचं. वाळवा, पलूस, मिरज भागातली काळी जमीन गोठत नाही, पण पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात हात जाईल इतक्या भेगा पडून आक्रसते. खांबाच्या दृष्टीने दुखणं तेच: वरचा थर हलतो, खालचा हलत नाही. त्यावर रुरकीच्या सेंट्रल बिल्डिंग रिसर्च इन्स्टिट्यूटने विकसित केलेला अंडर-रीम्ड पाइल, म्हणजे जमिनीत खोल ओतलेला काँक्रीटचा खांब, हा आपला स्वतःचा तोडगा आहे. त्यात खांबाच्या खालच्या भागात जमिनीतच फुगा कोरतात, साधारण दांड्याच्या अडीच पट व्यासाचा, आणि खोल काळ्या मातीत पाइल किमान साडेतीन मीटर खाली नेतात. मिनेसोटाची रुंद टाच आणि हा फुगा एकाच कारणाने काम करतात. तेव्हा सांगलीत कुणी इथला फोटो दाखवून ‘चार फूट खोल नळी पुरू’ म्हणालं तर त्याला थांबवा. ते ४२ इंच बर्फासाठी आहेत, काळ्या मातीसाठी नाहीत. सातारच्या बाजूला चांगला मुरूम किंवा खडक लवकर लागतो, तिथे साधं फुटिंग पुरतं.

नळी जमिनीखाली ठेवूही नका. इथे पुष्कळ जण मातीतला पुठ्ठा तसाच कुजू देतात. आपल्याकडे तो वाळवीला आमंत्रण ठरेल. फुटिंगपासून जोत्यापर्यंत नेहमीचं सेंट्रिंग करावं आणि नळी जमिनीच्या वर, दिसणाऱ्या गोल कॉलमला वापरावी: व्हरांडा, फार्महाऊसचा ओटा, देवळापुढचा मंडप.

आपल्याकडचा गोल कॉलम बहुतेक लोखंडी पत्र्याच्या दोन अर्धगोल साच्यांत होतो. जोडावर दोन उभ्या शिवणी उठतात, त्यातून स्लरी, म्हणजे सिमेंटचं पाणी, गळते आणि तिथे खडी उघडी पडते. मग घासणं आणि गिलावा आला. पुठ्ठ्याच्या नळीला उभी शिवण नसते. साध्या नळीचा तिरका वळ काँक्रीटवर उमटतो, आतून प्लॅस्टिकचा गुळगुळीत थर असलेल्या नळीने तोही जवळजवळ जातो. पण नळी एकदाच वापरता येते. वीस कॉलम असतील तर भाड्याचा लोखंडी साचाच परवडेल. दोन-चार कॉलम आणि उघडं काँक्रीट ठेवायचं असेल तर नळीचा विचार करावा.

सळ्यांचं गणित नळीने बदलत नाही. आयएस ४५६ या काँक्रीटच्या भारतीय मानकाप्रमाणे गोल कॉलमला किमान ६ बार, १२ मिलिमीटरपेक्षा बारीक नको, स्टील किमान ०.८ टक्के आणि कव्हर, म्हणजे सळ्यांवरचा काँक्रीटचा थर, ४० मिलिमीटर. ३०० मिलिमीटर व्यासाला १२ मिलिमीटरचे ६ बार हे किमान गणितात बसतात, सळ्यांभोवतीच्या रिंगांमधलं अंतर मात्र १९० मिलिमीटरच्या वर जाऊ देऊ नये. ११ डिसेंबर १९६७ चा कोयनेचा भूकंप ज्या जिल्ह्याने सोसला तिथे एवढ्यावर भागत नाही. कॉलमच्या दोन्ही टोकांना रिंगा आणखी जवळ हव्यात आणि हुक १३५ अंशांत आत वळवलेले हवेत. घराचा भार घेणारा कॉलम असेल तर ही मापं इंजिनिअरकडूनच घ्या.

नळी सळ्यांच्या पिंजऱ्यावर वरून उतरवायची असते. हलकी असल्याने दोन माणसं पुरतात, पण वरच्या तुळईच्या सळ्या आधी बांधल्या असतील तर ती आत जाणारच नाही. कव्हर ब्लॉक चारही बाजूंना आणि दर मीटरला बांधा, नाहीतर उतरवताना पिंजरा एका बाजूला टेकतो आणि नळी काढल्यावर रिंगा पृष्ठभागाशी दिसतात. तळाशी नळीभोवती लाकडी चौकट ठोका आणि फट मॉर्टरने बुजवा. वर दोन दिशांना टेकू द्या. फुटण्याची भीती कमी असते, ओळंब्यातून जाण्याची जास्त. १० फुटी, १२ इंची कॉलमला ०.२२ घनमीटर काँक्रीट लागतं, वजन अर्ध्या टनाच्या वर. व्हायब्रेटरची सुई पिंजऱ्याच्या मध्ये ठेवा. ती पुठ्ठ्याला घासली तर आतला थर फाटतो आणि तो चट्टा कॉलमवर कायमचा राहतो.

जूनपासून पाटण, जावळी, महाबळेश्वरकडे हे काम काढूच नये. इतर महिन्यांतही नळ्या छपराखाली, फळीवर उभ्या ठेवा. आडव्या रचल्या तर खालच्या नळ्या चेपतात.

साचा १६ ते २४ तासांनी काढता येतो. नळी एक-दोन दिवस ठेवली तर ओल टिकते, आठवडाभर ठेवली तर वाळून चिकटते आणि तुकड्या-तुकड्यांनी खरवडावी लागते. काढताना गोल करवतीचं पातं पुठ्ठ्याच्या जाडीपेक्षा किंचित कमी बाहेर ठेवून उभा चर पाडा, उरलेला पापुद्रा पटाशीने उचका आणि नळी सोलून काढा. लगेच ओलं गोणपाट गुंडाळा. पीपीसी, म्हणजे राख मिसळलेलं सिमेंट असेल तर किमान १० दिवस, जमल्यास १४ दिवस पाणी मारा. गोल कॉलमवरून पाणी लगेच ओघळून जातं, म्हणून गोणपाट सुतळीने तीन-चार ठिकाणी आवळून बांधा आणि एप्रिल-मेच्या उन्हात दुपारीही एकदा भिजवा.