कोलोमिक्टाची वेल आणि गल्लीतली मांजरं: माझा अनुभव

इंग्लंडमध्ये लीड्सला आमच्या मागच्या अंगणात पश्चिमेच्या भिंतीवर मी ॲक्टिनिडिया कोलोमिक्टा लावलीये. किवीच्याच कुळातली वेल, मूळची रशियाचा अतिपूर्वेकडचा भाग, कोरिया, जपान तिकडची. पानं हिरवी असतात पण टोकाकडनं पांढरी होत जातात आणि मग त्यावर गुलाबी चढतो, होळीत कुणीतरी नुसतं टोकालाच रंग लावून पळावं तसं. रोप आणलं, भिंतीवर आडव्या तारा ठोकल्या (ही वेल स्वतः गुंडाळत चढते, भिंतीला चिकटत नाही), कंपोस्ट घालून लावलं. इथपर्यंत काहीच त्रास नाही.

मग मांजरं आली.

नर्सरीच्या लेबलवर सगळं होतं, ऊन किती, निचरा कसा, उंची 5 मीटरपर्यंत. मांजरांबद्दल एक अक्षर नाही! नंतर विचारायला गेले तर काउंटरवरची बाई म्हणते, हो, होतं असं कधीकधी. अहो मग विकतानाच सांगा ना, एक ओळ छापायला काय जातं? याचा राग मला अजून आहे.

रोज सकाळी बघावं तर कोवळा कोंब कुरतडलेला, बुंध्याशी माती उकरलेली. शेजारचा काळापांढरा बोका तर मी समोर उभी असताना यायचा, आधी गाल घासायचा, मग खोड दाढेत धरून चावायचा, हनुवटीवरनं लाळ गळतीये, आणि मग उताणा होऊन तिथेच लोळण. संत्र्याच्या साली टाकल्या, मिरपूड टाकली, एका पावसात सगळं वाहून गेलं. शेजाऱ्यांना सांगून उपयोग नाही, इथे मांजरं मोकळीच फिरतात आणि त्यात त्या मुक्या जिवांचा तरी काय दोष. या वेलीची जपानी बहीण आहे, मातातबी, तिच्यावर तिकडे बरंच संशोधन झालंय. 2021 मध्ये इवाते विद्यापीठातल्या लोकांनी दाखवलं की त्यातलं नेपेटालॅक्टॉल नावाचं द्रव्य मांजरांना खेचतं आणि अंगाला चोळलं गेलं की डास कमी बसतात. पुढे असंही कळलं की पान चावून फाटलं की वास आणखी वाढतो. म्हणजे एकदा चावलं की पुढच्या मांजराला आमंत्रणच, हे वाचल्यावर मला कळलं की रोप एकदाही त्यांच्या तोंडी लागू द्यायचं नाही.

उपाय एकच, चिकन मेश. आपल्याकडे प्लास्टरच्या आधी भिंतीच्या जोडावर मारतात ना, तीच षटकोनी भोकांची जाळी. तिचा गोल करून रोपाभोवती उभा करा, खोडापासून वीतभर लांब, नाहीतर पंजा आत जातो. खालची कड मातीत पुरा, वरची बाहेरच्या बाजूला वाकवा. कमरेएवढी उंची तरी हवीच. खोड जाड आणि लाकडासारखं होईपर्यंत जाळी काढायची नाही, कुणी कितीही म्हणो की दिसायला वाईट दिसते. आमच्याकडे नवरा म्हणत होता, मी ऐकलं नाही, म्हणून आज वेल आहे.

रंगाची मात्र वाट बघावी लागते. सुरुवातीची वर्षं पानं साधी हिरवीच येतात, घाबरून उपटू नका. सावलीत तर रंग नीट येतच नाही. माझी पहिल्यांदा रंगली तेव्हा मी चहा तसाच ठेवून अंगणात उभी होते, खरंच इतका आनंद झाला.

हां, घेतानाच बघायचं, नर आणि मादी वेगळी रोपं असतात. रंग नराला जास्त चांगला. फळं हवी असतील तर दोन्ही लागतात, द्राक्षाएवढी होतात, लव नसते, सालासकट खायची.

थंडीला ही वेल भारी आहे, झोपलेली असताना उणे 30 सुद्धा सोसते, पण एप्रिल-मेमधल्या उशिराच्या फ्रॉस्टने नवी पालवी एका रात्रीत काळी पडते. तेव्हा रात्री फ्लीस (रोपं झाकायचं हलकं कापड) टाकायची.

आणि छाटणी हिवाळ्यातच उरकायची, वसंतात कापली तर कापल्या जागेतनं रस गळत राहतो. उन्हाळ्यात एखादी फांदी काढावीच लागली तर ती वेलीखाली पडू देऊ नका, अंगणाच्या पार दुसऱ्या टोकाला नेऊन टाका. बोका तिकडे जातो.