कातळयुगाची हत्यारे, नोंद ४ : टाकीचे पाणी

आमच्या रविवारच्या कॅम्पेनमध्ये, म्हणजे फासे टाकत मिळून खेळायच्या भूमिका-खेळाच्या सलग कथेत, लोप पावलेल्या कातळयुगातील पाथरवटांची जादूची हत्यारे आणण्याचे काम मी पावसाळ्यापूर्वी हाती घेतले होते. मागच्या नोंदीत ज्या टाकीचे (दगड घडवायच्या छिन्नीचे) मी कौतुक केले होते, ती मोडीत काढावी लागली आहे. दगड लोण्यासारखा कापणारी टाकी कागदावर छान दिसत होती. पण पहिल्याच सत्रात खेळाडूंनी दार, कुलूप, पहारेकरी आणि मी तीन आठवडे खपून रचलेले कोडे यांच्याकडे ढुंकूनही न पाहता सरळ भिंत कापली आणि ते खजिन्यात जाऊन उभे राहिले. दोष त्यांचा नव्हता. टाकीचे घाव सोसल्याशिवाय देवपण येत नाही असे आपण दगडाविषयी म्हणतो. माझ्या टाकीला मात्र काहीच सोसावे लागत नव्हते.

म्हणून पाटे-वरवंटे घडवणाऱ्या एका कारागिरांकडे दोन दिवस जाऊन बसलो. काळ्या दगडावर टाकी इतक्या लवकर बोथट होते की त्यांच्या शेजारी नेहमी पाच-सहा टाक्या मांडलेल्या असतात आणि कामाइतकाच वेळ त्या शेवटण्यात, म्हणजे त्यांना पुन्हा टोक काढण्यात, जातो. भात्यावर टाकीचे टोक लालबुंद करून त्यांनी फक्त बोटभर भाग पाण्यात बुडवला, विटेच्या तुकड्यावर घासून चकचकीत केला आणि ते नुसते पाहत राहिले. मागच्या अंगातली उष्णता पुढे सरकू लागली, तसे पोलादावर आधी गवती पिवळा, मग तपकिरी, जांभळा आणि निळा असे रंग एकामागून एक टोकाकडे चालत आले. पिवळा टोकाशी पोहोचताच त्यांनी टाकी पुन्हा पाण्यात घातली. निळा टोकापर्यंत येऊ दिला तर धार मऊ पडते. रंगाची वाटच पाहिली नाही तर पहिल्या घावाला कपचा उडतो.

पोलाद असे तापवून, बुडवून कणखर करण्याला पाणी देणे म्हणतात, आणि नवा नियम त्यावरच उभा आहे. प्रत्येक टाकीला सहा पाणी असते आणि हातभर कातळ कापला की एक पाणी उतरते. सहाही उतरली की ती साधे लोखंड होते. तिला पुन्हा पाणी द्यायचे असेल तर खेळाडूने सहा बाजूंचा फासा टाकत बेरीज करत जायचे आणि वाटेल तिथे थांबायचे. बेरीज १२ किंवा १३ असताना थांबला तर टाकी जिवंत झाली, त्याच्या अलीकडे थांबला तर टोक उडाले, पुढे गेला तर पाणी कायमचे मेले. एकट्याने वीस वेळा टाकून पाहिले, त्यात अकरा टाक्या वाचल्या. एवढी धाकधूक मला पुरेशी वाटते.

दुसरे हत्यार हातोडी. वेरूळचे कैलास लेणे ८व्या शतकात, राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळात, वरून खाली कोरत नेले. तिथे उडालेला तुकडा पुन्हा जोडण्याची सोय नव्हती. (शिखर दिसेपर्यंत अन्न न घेणाऱ्या राणीसाठी पैठणच्या कोकसाने कळसापासून आरंभ केला, ही दंतकथा मी आमच्या जगात जवळजवळ तशीच उचलली आहे.) अशा कामात कापण्याआधी आतली भेग कळणे महत्त्वाचे. कारागीर दगडावर टिचकीसारखा घाव घालतात. निर्दोष दगड खणखणीत वाजतो, भेगाळलेला बद्द. माझी हातोडी दहा हातांपर्यंतची भेग, पोकळी, चोरवाट ऐकवते, मात्र तिचा नाद तळघरातल्या प्रत्येकाला ऐकू जातो. गेल्या रविवारी तिघांनी ती हातोडी एकमेकांच्या हातात देण्यात अर्धा तास घालवला.

गुण्या (काटकोन तपासायचे साधन) आणि ओळंबा (उभी रेषा पाहायची, वजन बांधलेली दोरी) अजून कागदावरच आहेत. ओळंब्याची जादू काय असावी हे ठरलेले नाही. दोरी मात्र वळून ठेवली आहे.