मुद्रा आणि दहा मिनिटांचा टायमर

ध्यान सुरू करायचंय म्हणून मुद्रा शोधायला गेलं की वीस-पंचवीस मुद्रांचे चार्ट अंगावर येतात, ही केसांसाठी, ती गुडघ्यांसाठी, आणि नवीन माणूस तिथेच गांगरतो. माझं विचाराल तर सुरुवातीला दोन पुरे. एक ज्ञानमुद्रा, तर्जनीचं टोक अंगठ्याच्या टोकाला, बाकीची बोटं सरळ पण सैल. दुसरी ध्यानमुद्रा, मांडीत डाव्या तळव्यावर उजवा तळवा आणि अंगठ्यांची टोकं एकमेकांना टेकलेली, बुद्धाच्या मूर्तीत बघितली असेलच.

पहिली दोन मिनिटं मुद्रा वगैरे काही नाही, नुसता श्वास बघायचा. मग पाच मिनिटं ज्ञानमुद्रा, शेवटची तीन ध्यानमुद्रा, झालं. मोबाईलवर इंटरव्हल टायमर, म्हणजे प्रत्येक टप्पा संपला की वाजणारा टायमर, लावा आणि फोन उपडा ठेवा, नाहीतर किती झाले बघायला डोळे उघडतातच. आणि तो कर्कश अलार्म टोन प्लीज नको, शेवटचं मिनिट नुसतं "आता वाजेल, आता वाजेल" करण्यात जातं.

आता मेन गोष्ट, दाब किती द्यायचा. मध्ये एकदा नखाकडे बघा, पांढरं पडलं असेल तर तुम्ही बोट चेपताय. दोन बोटांत पातळ कागद धरलाय आणि तो सुटू नये, बास, एवढाच स्पर्श. असं थोडा वेळ राहिलं की बऱ्याच जणांना बोटांच्या टोकाशी बारीक ठोके जाणवायला लागतात आणि लक्ष ठेवायला ही जागा फार सोयीची आहे, कारण मेंदूत स्पर्शासाठी जो भाग असतो त्यात बोटांना अख्ख्या पाठीपेक्षा कितीतरी जास्त जागा मिळालेली असते. मन कुठेतरी भटकून येतं तेव्हा बऱ्याचदा बोटं कधी सुटली तेच कळलेलं नसतं. परत टेकवायची, स्वतःवर चिडायचं नाही. ध्यानमुद्रेत तर अंगठेच चहाडी करतात, खाली गळले म्हणजे झोप आलीय, वर टोचून उभे राहिले म्हणजे तुम्ही ताणून बसलाय. झेनवाले, म्हणजे जपानी बौद्ध ध्यानपंथातले, हेच बघतात.

खांदे दुखत असतील तर हात गुडघ्यांवर फार पुढे गेलेत, मांडीवर मागे घ्या. खुर्चीत बसलात तरी चालतं.

पंचतत्त्वांचं म्हणाल तर अंगठा अग्नी, तर्जनी वायू, मधलं बोट आकाश, अनामिका पृथ्वी, करंगळी जल अशी मांडणी सांगतात, माहीत असू द्या पण बसल्यावर त्याचा विचार करत बसू नका. गंमत म्हणजे हठयोगप्रदीपिका या हठयोगाच्या जुन्या ग्रंथातल्या 10 मुद्रा अशा बोटांच्या नाहीतच, महामुद्रा, खेचरी, विपरीतकरणी असा सगळा अंगमेहनतीचा मामला आहे. त्यामुळे चार्टवर "प्राचीन" लिहिलं म्हणून लगेच मान डोलवायची गरज नाही, आणि मुद्रेने शुगर-बीपी जातं म्हणून कोणी गोळ्या बंद करायला सांगितल्या तर अजिबात ऐकू नका.

शेवटची बेल वाजली की ताडकन उठायचं नाही, बोटं हळू सोडा, पायाला मुंग्या आल्या असतील तर जाऊ द्या. दहा मिनिटं सहज जायला लागली की मधल्या पाचाची सात करा, पण तिसरी मुद्रा इतक्यात नको.