पाँड इनलेट, एप्रिल: स्लेजवरचे हाल आणि इग्लूची खरी गोष्ट

'इन्युइट कुटुंबासोबत इग्लूत राहा' ही जाहिरात निव्वळ फसवी आहे. कॅनडाच्या उत्तरेकडच्या नुनावुतमधली ही मूळ रहिवासी कुटुंबं हीटर लावलेल्या लाकडी घरांत राहतात, पाणी टँकरनं येतं. इग्लू हा शिकारीवरचा मुक्काम. रात्रीचे जादा पैसे भरण्याआधी बर्फाचं घर की तंबू, ते लेखी घ्या.

पाँड इनलेट हे नुनावुतमधलं गाव छान आहे, दोन दिवस पुरे. खरी परीक्षा गोठलेल्या समुद्राच्या कडेपर्यंत, म्हणजे 'सिना'पर्यंत जाताना. स्नोमोबाइलमागे 'कामुतिक' ही लाकडी स्लेज असते. तिच्या आडव्या फळ्या खिळ्यांनी नव्हे, दोरीनं बांधलेल्या. म्हणून उंचसखल बर्फावर ती लवते, मोडत नाही. मोडतं ते आपलं कंबरडं. बुडाखाली कॅरिबूचं, म्हणजे तिथल्या रेनडिअरचं कातडं हवंच, फोमची चटई कुचकामी. हातपाय बाहेर काढू नका. बर्फाचे तुकडे एकमेकांवर चढलेत तिथे उतरून चालावं लागतं, आणि घात इथेच होतो: घाम. जॅकेट चालायच्या आधी उघडा. आतला थर एकदा भिजला की पुन्हा स्लेजवर बसल्यावर उणे 20 चा वारा हाडांत शिरतो. सुती बनियन तर घरीच ठेवा.

कॅरिबूच्या पोशाखाचं भाडं वेगळं लावतात. महाग आहे, तरी द्या. आतल्या थराचे केस अंगाकडे, बाहेरच्याचे बाहेर. केस पोकळ, त्यात हवा कोंडते. इग्लूत किंवा तंबूत शिरण्याआधी केसांवरचं दव-बर्फ बाहेरच झोडून काढा. ते आत वितळलं की सकाळी बाहेर पडताच अंगरखा पत्र्यासारखा ताठ होतो.

इग्लूला एकाच वादळात वाऱ्यानं दाबलेलं बर्फ लागतं. थराथराचं असेल तर ठोकळे फुटतात. झोपायचा ओटा दारापेक्षा उंच, कारण ऊब वर साठते. छताचं भोक कितीही थंडी वाजली तरी बुजवू नका. स्टोव्ह पेटलेला असेल तर जीवच जाईल.

आजी नातवाला 'बाबा' म्हणाली तर हसू नका. वारलेल्या माणसाचं नाव बाळाला देतात आणि त्याचं नातंही बाळाकडे येतं. बाळ आईच्या 'अमाउती'त, म्हणजे अंगरख्याच्या पाठीवरच्या पिशवीत, आपल्यापेक्षा उबदार असतं.

जेवणात 'आर्क्टिक चार' जातीचा गोठलेला कच्चा मासा आणि व्हेलची चरबीसकट कातडी, 'मक्ताक'. थंडीत चरबी लागतेच. शाकाहारींनी तूप आणि दाणे न्यावेत. ताजी भाजी विमानानं येते, भावही तसेच.

परतीला दोन दिवस राखून ठेवा. वादळात विमान रद्द झालं तर राहण्याचा खर्च तुमच्याच खिशातून.