आमची वाटचाल : तिथी संपण्याच्या वेळेचा धंदा

आमच्याकडे मुहूर्त मिळत नाहीत. हे आधी सांगितलेलं बरं, कारण सदाशिव पेठेतला पत्ता वाचून लोक पत्रिका घेऊन जिना चढतात. आम्ही फक्त आकडे विकतो: सूर्योदय-सूर्यास्त, तिथी आणि नक्षत्रं संपण्याच्या वेळा, ग्रहणांचे स्पर्श-मोक्ष (लागण्या-सुटण्याच्या वेळा). गिऱ्हाईक म्हणजे दिनदर्शिका छापणारे, मोबाइल अ‍ॅपवाले आणि अलीकडे सोलरवाले.

मी सॉफ्टवेअर कंपनीतली नोकरी सोडून आले. भागीदार काका, निवृत्त गणित शिक्षक. ते ग्रहलाघव या जुन्या ग्रंथावरून हातानं ग्रहांची स्थानं काढायचे. नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी १५२० च्या सुमारास रचलेली ही पद्धत ज्या-कोज्यांना (साइन-कोसाइनना) हातच लावत नाही. अहर्गणाचा, म्हणजे ठरलेल्या दिवसापासून मोजलेल्या दिवसांचा, आकडा अवाढव्य होऊ नये म्हणून ११ वर्षांचं, म्हणजे ४०१६ दिवसांचं चक्र धरायचं आणि उरलेल्या दिवसांवर काम भागवायचं. प्रोग्रामरला हेवा वाटावा असा आटोपशीरपणा आहे तो.

पण काकांचं एक जुनं कोडं होतं. या जुन्या गणितानं ग्रहण बऱ्यापैकी जुळतं, मग अष्टमीची वेळ का घसरते?

उत्तर चंद्राच्या कक्षेत आहे. कक्षा लंबवर्तुळाकार असल्यामुळे चंद्र मध्यम (सरासरी) स्थानापासून ६.३ अंशांपर्यंत पुढेमागे होतो. शिवाय सूर्य त्याला ओढतो. त्या ओढीतून येणारी सर्वांत मोठी दुरुस्ती १.३ अंशांची, आणि अमावास्या-पौर्णिमेला ती त्या ६.३ अंशांच्या उलट जाते. उरतात ५ अंश, आणि जुन्या ग्रंथांतलं चंद्राचं मंदफल, म्हणजे मध्यम स्थानाला द्यायची दुरुस्ती, साधारण तेवढंच आहे. ग्रहणं तर अमावास्या-पौर्णिमेलाच होतात, म्हणून पडताळा नेहमी चांगला यायचा. अष्टमीच्या सुमारास मात्र दोन्हींची बेरीज होते, साडेसात अंशांपर्यंत. तिथी चंद्र-सूर्यातल्या अंतरावर ठरते, आणि चंद्र सूर्यापासून तासाला साधारण अर्धा अंश दूर जातो. अडीच अंश चुकले की तिथी पाच तास हलली! हे कागदावर मांडलं तेव्हा काका म्हणाले, "म्हणजे पूर्वजांनी जिथे मोजलं, तिथे ते बरोबर होते." त्या दिवसापासून कोडमधल्या प्रत्येक पदाचं नाव मराठीत लिहायचं असा त्यांचा हट्ट. मी मानला.

पहिला प्रोग्राम चंद्राच्या रेखांशासाठी (आकाशातल्या त्याच्या स्थानासाठी) ६० पदांची मालिका वापरायचा. त्यात १० विकलांची (विकला म्हणजे अंशाचा ३६०० वा भाग) चूक येते, म्हणजे तिथीच्या वेळेत २० सेकंद. छापायचे असतात तास आणि मिनिटं, तेव्हा एवढं पुरतं असं आम्ही धरलं होतं. गिऱ्हाइकानं मात्र आमची यादी राष्ट्रीय पंचांगाशी ताडून पाहिली आणि एका मिनिटाचा फरक दिसताच फोन केला (मिनिटाच्या काठावर २० सेकंदही पुरतात). मग नासाच्या जेपीएल प्रयोगशाळेच्या फायलींवर आलो. त्यांत चंद्राचं स्थान चार-चार दिवसांच्या तुकड्यांत चेबिशेव्ह बहुपदींनी (एका प्रकारच्या सूत्रांनी) दिलेलं असतं, आणि ते १९६९ पासून चंद्रावर ठेवलेल्या आरशांवर लेसर मारून मोजलेल्या अंतरांशी जुळवलेलं आहे. आमचं काम त्यापुढचं: चंद्र-सूर्यातलं अंतर १२ अंशांच्या पटीतून नेमकं कधी पार होतं ते शोधायचं. तासातासाला अंतर बघायचं, ओलांडलेला तास सापडला की त्याच्या आत शिरायचं. दोन-तीन फेऱ्यांत सेकंद मिळतो.

इतका नेमकेपणा कशाला, असं विचारणाऱ्यांनी २०२४ ची दिवाळी आठवावी. १ नोव्हेंबरला अमावास्या संध्याकाळी सहा वाजून सतरा मिनिटांच्या आसपास संपली आणि पुण्यात सूर्य सहा-दोनला मावळला. लक्ष्मीपूजनाच्या प्रदोषात, म्हणजे सूर्यास्तानंतरच्या वेळेत, जेमतेम पाव तास अमावास्या! लक्ष्मीपूजन ३१ ला की १ ला यावर त्या वर्षी देशभर वाद झाला. कोलकात्यात सूर्य तासभर आधी मावळतो, त्यामुळे तिथला हिशोब वेगळा. आमचे फोन थांबेनात. आम्ही प्रत्येक गावाचा सूर्यास्त आणि अमावास्येची समाप्ती पाठवली, निर्णय पाठवला नाही. एक कारखानदार चिडले, "ताई, पैसे कशाचे घेता मग?" त्यांनी पुढच्या वर्षीही यादी घेतली.

निर्णय न देण्यामागे आळस नाही. अयनांशाचंच, म्हणजे राशीचक्राची सुरुवात कुठे धरायची ते ठरवणाऱ्या कोनाचंच बघा. चित्रापक्ष आणि टिळक पंचांगाचा रैवतपक्ष या दोन मतांत सुमारे चार अंशांचं अंतर, म्हणून एकाची मकर संक्रांत १४-१५ जानेवारीला तर दुसऱ्याची १० च्या आसपास. काही वर्षी अधिक महिनाही वेगळा येतो. तिथीला मात्र यानं धक्का लागत नाही, कारण ती दोन रेखांशांची वजाबाकी आहे. अयनांश दोन्हीकडून उडून जातो. उदयाचंही तसंच: सूर्याची वरची कड धरायची की मध्यबिंदू, हवेमुळे होणारं किरणांचं वक्रीभवन घ्यायचं की नाही? आम्ही प्रत्येक फायलीच्या माथ्यावर हे गृहीत लिहितो. माझ्या मते आमचा खरा माल ते चार-पाच ओळींचं टिपण आहे. गणित आता कुणालाही फुकट मिळतं.

सोलरवाल्यांचं काम सोपं, पैसे वेळेवर. शेजारच्या इमारतीची सावली पॅनलवर कधी पडेल एवढंच त्यांना हवं असतं. चंद्राची भानगड नाही.

सध्या २०२७ च्या फायली चालू आहेत. त्या वर्षी २ ऑगस्टला इजिप्तकडे खग्रास दिसणारं सूर्यग्रहण आपल्याकडे खंडग्रास आहे, आणि पुण्यात मोक्षही सूर्यास्तापूर्वी होतो. गावोगावच्या वेळा हव्यात असे निरोप आत्ताच येऊ लागलेत. काका म्हणतात, पुण्याचे आकडे ते आधी हातानं काढणार, मगच मी मशीन चालवायचं.