झाडाखालच्या जागेला काय म्हणायचं? वसवा, कवडसा आणि दोरीची मोजणी

गेल्या पावसाळ्यात नोंदवहीत एक रकाना आखला आणि त्याला नाव सापडेना. झाडाचं नाव, घेर, मोहोर, फळ, पानगळ हे रकाने ठरलेले. पण झाडाच्या शेंड्यापासून जमिनीपर्यंतची जी जागा, जिथे आपण उभे राहून वर बघतो, तिच्यातल्या नोंदी कुठे लिहायच्या? पाचोळा उलथणारे सातभाई, खालच्या फांदीवर शेपूट हलवत बसलेला नवरंग, पहिल्या सरीनंतर वर आलेली शेवळं हे सगळं त्या जागेतलं. तात्पुरतं 'झाडाखाली' असं लिहिलं आणि तेव्हापासून तो शब्द डोक्यात रुतून बसला. हा त्याचाच आतापर्यंतचा हिशेब.

आधी पुस्तकी वाट धरली. वनशास्त्रातला 'अंडरस्टोरी' हा शब्द आपल्यापैकी बरेच जण वापरतात. त्यातलं 'स्टोरी' म्हणजे मजला. जंगल ही मजल्यांची इमारत मानली, तर शेंड्यांच्या छपराखालचा हा मजला. पण त्या शब्दाने दाखवली जाते ती तिथे वाढणारी झाडंझुडपं. शेतात एकटं उभं असलेलं चिंचेचं झाड घ्या. त्याच्याखाली कुठला आलाय मजला! तिथे नुसती जागा आहे, उजेड आहे, गारवा आहे. मला हवा होता तो त्या जागेचा शब्द.

मग मराठीत आपण ही जागा कशी बोलतो ते टिपायला लागलो. झाडाखाली, झाडातळी, झाडाबुडी. चक्रधरस्वामींनी आपल्या शिष्यांना देशाच्या शेवटी झाडातळी जन्म घालवायला सांगितलं, म्हणजे तेराव्या शतकापासून हा प्रयोग चालत आलेला आहे. तिन्हींत नाम एकच, झाड. जागा दाखवण्याचं काम मागचं शब्दयोगी अव्यय करतं. इथवर आल्यावर वाटलं, संपलं, मराठीत या जागेला स्वतंत्र नाव नाही.

पण टिपता टिपता एक गंमत दिसली. एक झाड असेल तर आपण 'खाली' म्हणतो, अनेक असतील तर 'आत'. आंब्याखाली बसतो, पण आमराईत शिरतो. 'आमराईखाली' असं कुणी म्हणताना मी ऐकलेलं नाही. देवराईत, रानात, जंगलात हे सगळे शब्द आतले. शेंडे एकमेकांना भिडले की आपल्या भाषेला ती जागा घरासारखी वाटू लागते, तिला आत-बाहेर येतं. मांडव तेवढा दोन्हीकडे चालतो. दोडक्याच्या मांडवाखाली वाकून जायचं आणि लग्नाच्या मांडवात मिरवायचं. महाबळेश्वरला जांभूळ, अंजनी आणि पिसा यांची ठेंगणी, दाट झाडी आहे. तिथे रस्ता सोडून दहा पावलं गेलात की कळतं, हे 'खाली' नव्हे, 'आत'. अंजनीची वाकडी खोडं, त्यांवरचं शेवाळ, पावसाच्या तोंडावर जमिनीतून फणा काढल्यासारखा उभा राहणारा सापकांदा. डोळ्यांना सरावायला अर्धं मिनिट लागतं.

यानंतर आला डिसेंबर, आणि वसवा.

वाईच्या पूर्वेला मामांचं शेत आहे. दक्षिणेच्या बांधावर चिंचेचं जुनं झाड, त्याच्या उत्तरेला शाळू, म्हणजे रब्बीची ज्वारी. डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात मी झाडाचा घेर मोजायला म्हणून गेलो होतो. बांधालगतचा शाळू बसका होता, लांब जाल तसा उंच होत गेलेला. मी विचारलं, "मामा, इथं खत कमी पडलं का?"

"खत सगळीकडं सारखंच रे. चिंचेचा वसवा पडतो ना इथं. हे धाट असंच राहणार."

मी म्हटलं, "वसवा म्हणजे सावली?"

"सावली वेगळी. सावली तू बसतोस ती. वसवा पिकाला लागतो."

मी तिथेच बांधावर बसून वहीत लिहून घेतलं. झाडाच्या खालची आणि भोवतालची, त्याच्या सावलीने आणि मुळांनी व्यापलेली, पीक खुरटवणारी जागा, आणि तिथे पिकावर होणारा परिणामही. दोन्हींना एकच शब्द. तो पडतो, लागतो, बसतो. शेतकऱ्यांच्या बोलण्यात तो इतका रुळलेला आहे की बांधावर झाड लावायचा विषय निघाला की पहिला आक्षेप वसव्याचाच येतो. मी मात्र चाळिशीपर्यंत तो ऐकला नव्हता. आपण झाडं बघणारे लोक मान वर करून बघतो. हा शब्द खाली बघणाऱ्यांनी, म्हणजे धाटाकडे बघणाऱ्यांनी घडवलेला आहे, आणि मला हवं असलेलं नाम त्यांच्याकडे होतं.

दुसऱ्या दिवशी दोरी, खुंट्या आणि टेप घेऊन पुन्हा गेलो. दुपारी साडेबाराच्या सुमाराला सूर्य तिथे सर्वांत वर येतो. त्या वेळी एक मीटरची काठी उभी करून तिची सावली मोजली, ८८ सेंटिमीटर भरली. चिंचेच्या शेंड्याची सावली बुंध्यापासून उत्तरेला १० मीटर ६० सेंटिमीटरवर पडली होती. भागाकार केला की झाडाची उंची १२ मीटर. झाडावर न चढता, कुठलंही यंत्र न वापरता उंची काढायची ही रीत ज्यांनी केली नसेल त्यांनी जरूर करून पाहा.

मग शाळू मोजला. बुंध्यापासून ४ मीटरवर धाटांची उंची सरासरी ७० सेंटिमीटर, ८ मीटरवर १२०, १४ मीटरवर १९०. प्रत्येक ठिकाणी दहा धाटं घेतली. दहा म्हणजे फार नव्हेत, पण चढ डोळ्यांनाही स्पष्ट दिसत होता. बांधाच्या दक्षिणेला भावकीचं रान आहे, तिथेही शाळूच. तिकडे परवानगी घेऊन मोजलं, तर पीक ५ मीटरपर्यंतच खुरटलेलं, पुढे चांगलं.

कारण सूर्याच्या वाटेत आहे. हिवाळ्यात सूर्य दक्षिणेकडून जातो, म्हणून दुपारची सावली उत्तरेला लांब पडते. दक्षिणेच्या रानावर दुपारची सावली जवळजवळ पडतच नाही. तिथलं नुकसान मुख्यतः मुळांचं, पाणी आणि अन्न ओढून घेतल्याचं. उत्तरेला मुळं आणि सावली दोन्ही. त्यात ज्वारी हे भर उन्हाचं पीक, बाजरी आणि ऊसही त्याच जातीचे. त्यांना सावली सोसत नाही. मामांना हा सगळा आकडेमोडीचा कागद दाखवला. ते म्हणाले, "म्हणून तर आजोबांनी बांधाच्या कडेला हळद धरली होती." वाई भागात हळद जुनी आहे, आणि हळद, आलं, सुरण यांना विरळ सावली चालते. वसवा सगळ्या पिकांना सारखा लागत नाही, हे त्या घरात दोन पिढ्यांपूर्वीच ठाऊक होतं.

कोकणात आणि गोव्यात तर याच जागेवर बागा उभ्या आहेत. रत्नागिरीजवळ भाट्याच्या नारळ संशोधन केंद्राची 'लाखी बाग' अनेकांनी पाहिली असेल. वर नारळाच्या झावळ्या, त्यांच्या गाळीव उन्हात जायफळ, दालचिनी, मिरी. गोव्यात फोंड्याकडे गेलात तर कुळागर बघा. माड, पोफळी, पोफळीवर चढलेली मिरवेल, खाली केळी, अननस. आपल्याकडे जो वसवा, तीच तिथे बागेची खालची ओळ. मात्र माडाचा शेंडा उंच आणि मोकळा, चिंचेचा पसरट आणि गच्च, हा फरक विसरून चालणार नाही.

आता मे महिन्याच्या नोंदीकडे. वाईला ११-१२ मेच्या सुमाराला शून्य सावलीचा दिवस येतो. सूर्य बरोबर डोक्यावर, काठीची सावली काठीच्या बुडात. वर्षात असा योग दोनदाच, दुसरा जुलैअखेरीस, पण तेव्हा ढगांमुळे काही दिसत नाही. मला हा दिवस साधायचा होता, कारण एरवी झाडाची सावली एकीकडे असते आणि झाडाखालची जागा दुसरीकडे. या दिवशी दुपारी साडेबाराला मात्र दोन्ही एकमेकींवर तंतोतंत बसतात. मराठीत 'सावली' हा शब्द माणसाच्या सावलीलाही चालतो आणि झाडाखालच्या विसाव्यालाही. ज्ञानेश्वरीत तोडणाऱ्याला आणि लावणाऱ्याला वृक्ष एकच 'साउली' देतो, ती विसाव्याची. वर्षातल्या त्या दोन दुपारी हे दोन अर्थ जमिनीवरही एक होतात. मी खुंट्या ठोकून चिंचेच्या सावलीची कड दोरीने आखली, मग फांद्यांच्या टोकाखालून ओळंबा सोडून पाहिला. ओळंबा दोरीवरच येत होता.

तिथून विहिरीजवळच्या आंब्याखाली गेलो, कवडसे मोजायला.

कवडसा हा माझ्या मते या साऱ्या शब्दांतला सर्वांत देखणा शब्द. कौलातून घरात पडणारा उन्हाचा ठिपका तो कवडसा आणि पानांच्या फटीतून जमिनीवर पडणारा तोही कवडसाच. तिरीप वेगळी, ती उन्हाची तिरकी रेघ, हवेतली. कवडसा जमिनीवर असतो, त्याला आकार असतो. आणि हा आकार फटीचा नसतो. फट वाकडी असो, तिकोनी असो, पुरेशी लहान आणि उंच असली की कवडसा गोलच पडतो, कारण ते सूर्याचं चित्र असतं. २६ डिसेंबर २०१९ च्या सकाळी ग्रहण लागलं तेव्हा आपल्याकडे झाडांखालचे सगळे कवडसे चंद्रकोरीसारखे झाले होते. ज्यांनी त्या दिवशी सूर्याकडे बघायच्या नादात जमिनीकडे पाहिलं नाही, त्यांनी पुढच्या ग्रहणाला ही चूक करू नये.

यातून एक मोजणी निघते. सूर्य त्याच्या व्यासाच्या साधारण १०८ पट अंतरावर आहे. म्हणून कवडशाची रुंदी गुणिले १०८ केलं की वरची फट किती अंतरावर आहे ते कळतं. स्टीलच्या ताटावर पांढरा कागद पसरून आंब्याखाली ठेवला. एक नेटका गोल कवडसा त्यावर आला. कडा थोड्या पुसट असतात, दोनदा मोजला, साडेचार सेंटिमीटर. म्हणजे फट ४ मीटर ८६ सेंटिमीटरवर. आंबे उतरवायच्या झेल्याचा बांबू उभा धरून पाहिला, तर तेवढ्याच उंचीवर दोन फांद्यांच्या मध्ये आभाळाचा एक बारीक तुकडा दिसला. मी ओरडलोच. मामी धावत बाहेर आल्या, त्यांना वाटलं मला मधमाशी चावली. सूर्य तिरका असेल तेव्हा कवडसा लांबट होतो, तेव्हा त्याची आखूड रुंदी धरायची. मिळणारं अंतर मग किरणाच्या वाटेवरचं असतं, सरळ उंचीचं नव्हे.

चिंचेखाली हा प्रयोग फसला. तिची पानं इतकी बारीक की फटी असंख्य, आणि कवडसे एकमेकांत मिसळून नुसता दुधट उजेड होतो. म्हणूनच चिंचेची सावली डोळ्यांना वेगळी लागते.

मोबाईलच्या उजेड मोजणाऱ्या ॲपने आकडे घेतले, तेही देऊन ठेवतो. उघड्या रानात ९२,००० लक्स, चिंचेखाली ९,०००, आंब्याखाली गच्च सावलीत १,८००, तिथल्याच एका मोठ्या कवडशात ४१,०००. मोबाईलचा सेन्सर काही प्रयोगशाळेतला नव्हे, पण एकमेकांशी तुलना करायला पुरतो. आंब्याखाली उघड्यावरच्या जेमतेम दोन टक्के उजेड पोचतो, आणि कवडसा सरकत येतो तेव्हा तेवढ्यापुरता वीसपटींहून जास्त. दाट जंगलाच्या तळाशी वाढणाऱ्या रोपांचं दिवसाचं बरंचसं पोट अशाच कवडशांवर भरतं. ताट ठेवलेल्या जागी आंब्याचं कोयीतून उगवलेलं एक रोप होतं, चार तांबूस पानांचं. कवडसा त्याच्या एका पानावर चढला, दुसऱ्यावर गेला आणि उतरला. घड्याळ लावलं होतं, अकरा मिनिटं.

नोंदवहीत आता तीन रकाने आहेत. 'तळ' यात पाचोळा, रोपं, अळंबी, पक्षी. 'कवडसे' यात उजेड. 'वसवा' यात झाडाचा भोवतालच्या पिकावर किंवा गवतावर दिसणारा परिणाम. जंगलातल्या नोंदींना वसव्याचा रकाना रिकामा ठेवतो, तो शब्द रानातल्या पिकाचा आहे, तो तिकडे ओढून नेणं मला पटत नाही. कोकणातल्या नोंदींत पाचोळ्याऐवजी पातेरा लिहितो.

तुमच्या भागात वसव्याला दुसरा शब्द असेल तर गावासकट कळवा, विशेषतः खानदेश आणि मराठवाड्यातून. कोणत्या झाडाचा वसवा लांब जातो आणि कोणाचा जात नाही, याबद्दल घरातल्या मोठ्या माणसांना विचारलंत तर आणखी बरं. बाभळीबद्दल मला दोन माणसांनी दोन उलट गोष्टी सांगितल्या आहेत.

चिंचेभोवतीच्या खुंट्या काढलेल्या नाहीत. मामांनी दोरीच्या आतल्या पट्ट्यात यंदा हळदीच्या सात ओळी धरल्या आहेत, आणि बाहेर लगेच तीन, ताडून पाहायला. कंद लावून झाले, पहिलं पाणीही दिलं आहे. पुढची मोजणी ऑगस्टच्या मध्याला.